तिकडं लागलेलं लग्न इकडं धरतेत का?

‘तिकडं लागलेलं लग्न इकडं धरतेत का हो?’ ओळखीतल्या एका बाईंनी हे विचारलं तेव्हा मला वाटलं, मुलगा गोरी सून आणतोय. सिडकोतल्या त्यांच्या घरी चहा झाला होता. यजमान फोन घेऊन गॅलरीत गेले तसा बाईंनी आवाज खाली आणला आणि उरलेलं सांगितलं. मुलगा जर्मनीत नोकरीला आहे. त्याला लग्न करायचं आहे ते पुण्यातल्या एका मुलाशी. दोघेही इथलेच, दोघांचेही पासपोर्ट भारताचे. मुलाने आईला सगळं सांगितलंय, वडिलांना निम्मं. बरं-वाईट, लोक काय म्हणतील, हे प्रश्न बाईंनी रात्री जागून आपल्यापुरते मिटवलेले दिसत होते. आता त्यांना फक्त कागदाचं विचारायचं होतं.

त्या दिवशी मी जे सांगितलं ते अर्धवट होतं. घरी आल्यावर चुटपुट लागली म्हणून कायदे, निकाल, परिपत्रकं चाळत गेलो. त्यातून जे हाती लागलं ते इथे मांडतो आहे, कारण हा प्रश्न छत्रपती संभाजीनगरात वाटतो तितका परका नाही. वाळूजला १९८५ पासून बजाज आहे, शेंद्र्याला २००१ पासून स्कोडा आहे, त्यांच्या मागे आलेल्या सुटे भाग बनवणाऱ्या कंपन्या आहेत. इथल्या इंजिनिअरिंग कॉलेजांतून निघालेल्या पोरांना जर्मनी हा देश नकाशावर शोधावा लागत नाही. कुणी शिकायला जातं, कुणाला कंपनीच पाठवते. एवढी पोरं जातात म्हटल्यावर त्यांत काही समलिंगी असणार, आणि त्यांच्या आया सिडको, गारखेडा, उस्मानपुऱ्यातच असणार.

युरोपातही हे सगळं अलीकडचंच. १ ऑक्टोबर १९८९ रोजी डेन्मार्कने जगात पहिल्यांदा समलिंगी जोडप्यांना ‘नोंदणीकृत भागीदारी’ दिली. त्या दिवशी कोपनहेगनच्या नगरभवनात ११ जोडप्यांची नोंद झाली. त्यांत आक्सेल आणि आयगिल हे दोघे म्हातारे होते. त्यांनी कितीतरी वर्षं आधी आपापली आडनावं सोडून दोघांच्या नावांतून ‘आक्सगिल’ असं एकच आडनाव घडवलं होतं. सरकारी वहीत ते जोडपं म्हणून लागलं तेव्हा त्यांच्या संसाराला चाळीस वर्षं होत आली होती. पण ती भागीदारी म्हणजे लग्न नव्हे. त्यात दत्तक घेता येत नव्हतं, चर्चमधला विवाहविधी नव्हता. ‘लग्न’ हा शब्द पहिल्यांदा नेदरलँड्सने दिला. १ एप्रिल २००१ ची मध्यरात्र उलटली आणि आम्स्टरडॅमचे महापौर योब कोहेन यांनी चार जोडप्यांची लग्नं लावली. पुढे बेल्जियम, स्पेन, नॉर्वे, स्वीडन, पोर्तुगाल असे एकेक देश येत गेले. २०१३ मध्ये फ्रान्स आला, २०१४ मध्ये इंग्लंड, १ ऑक्टोबर २०१७ पासून जर्मनी. स्वित्झर्लंडने २०२१ मध्ये जनमत घेतलं, ६४ टक्के लोकांनी होकार दिला. फेब्रुवारी २०२४ मध्ये ग्रीसच्या संसदेने कायदा केला, ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती देशांतला हा पहिला. १ जानेवारी २०२५ ला चिमुकलं लिख्टेनश्टाइन आलं आणि युरोपातल्या अशा देशांची संख्या २२ झाली. इटलीने २०१६ मध्ये नागरी सहजीवनापर्यंतच मजल मारली. पोलंड, हंगेरी, रुमानिया, बल्गेरिया या देशांत आजही असं लग्न लागत नाही. तेव्हा ‘युरोपात चालतं’ हे आपलं वाक्य फार ढोबळ आहे.

या यादीत एका देशापाशी मराठी माणसाने थांबायलाच हवं, तो म्हणजे आयर्लंड. मालवण तालुक्यातल्या वराड गावचं वराडकर कुटुंब. त्या घरातले डॉ. अशोक वराडकर मुंबईहून इंग्लंडला गेले, तिथे भेटलेल्या एका आयरिश परिचारिकेशी त्यांचं लग्न झालं आणि पुढे ते आयर्लंडला गेले. मुलगा लिओ. आयर्लंडचा आरोग्यमंत्री असताना १८ जानेवारी २०१५ ला, आपल्या ३६ व्या वाढदिवशी, लिओ वराडकरांनी रेडिओवरच्या मुलाखतीत आपण समलिंगी असल्याचं सांगितलं. चार महिन्यांनी, २२ मे ला, आयर्लंडने राज्यघटना बदलायची का यावर सार्वमत घेतलं आणि ६२ टक्के मतांनी समलिंगी विवाह मान्य झाला. जनतेने थेट मतदान करून हा हक्क देणारा तो जगातला पहिला देश, आणि तोही ज्याची ओळख कर्मठ कॅथलिक अशी! २०१७ मध्ये वराडकर पंतप्रधान झाले. २०१९ च्या डिसेंबरअखेरीस ते आईवडील, बहिणी आणि आपल्या जोडीदारासह वराडला आले. गावाने ओवाळलं, मिरवलं. आपल्या गप्पांत या गोष्टीतला ‘मालवणचा’ हा शब्द मोठ्याने येतो आणि ‘जोडीदारासह’ हा शब्द घशात अडकतो, हे मी अनेकदा पाहिलंय. पण वराडच्या अंगणात ते दोघे एकत्र उभे होते, ही घडलेली गोष्ट आहे.

आता कागदाकडे येऊ. लग्नासाठी युरोपातल्या देशांचे ढोबळमानाने दोन गट पडतात. पहिल्या गटात तुमचा त्या देशाशी काहीतरी संबंध लागतो. नेदरलँड्स, बेल्जियम, स्पेन इथे दोघांपैकी एक जण तरी तिथला नागरिक किंवा रहिवासी हवा. फ्रान्सचा नियम वाचण्यासारखा आहे: दोघांपैकी एकाच्या तरी मायदेशाचा कायदा, किंवा तो जिथे राहतो त्या देशाचा कायदा असं लग्न मानत असेल, तर फ्रान्स ते लावतं. म्हणजे पॅरिसमध्ये राहणारा संभाजीनगरकर तिथे लग्न करू शकतो, पण इथून फिरायला गेलेल्या दोघांना ते दार बंद. दुसऱ्या गटात पाहुण्यांनाही लग्न करता येतं. पोर्तुगालमध्ये रहिवासाची अट नाही. आयर्लंडमध्येही नाही, मात्र तीन महिने आधी सूचना द्यावी लागते. ब्रिटनला जायचं तर खास लग्नासाठीचा व्हिसा घ्यावा लागतो. इंग्लंडमध्ये सात दिवस राहून मग नोंदणी कार्यालयात सूचना द्यायची आणि पुढे किमान २८ दिवस थांबायचं. आपल्या विशेष विवाह कायद्यातल्या ३० दिवसांच्या नोटिशीची आठवण व्हावी असंच हे प्रकरण आहे.

आणि डेन्मार्क. या देशाने परदेशी जोडप्यांची लग्नं लावणं हा जवळजवळ एक व्यवसायच केला आहे. २०१९ पासून तिथल्या कुटुंब कायदा कार्यालयाकडे सगळे अर्ज एका ठिकाणी जातात. पासपोर्ट, तिथे येण्याचा वैध व्हिसा, अविवाहित असल्याचा पुरावा, दोघांच्या नात्याचा पुरावा. छाननी झाली की एक प्रमाणपत्र मिळतं. ते चार महिने चालतं आणि तेवढ्या काळात कुठल्याही नगरपालिकेत लग्न लावता येतं. एरो नावाच्या एका छोट्या बेटावर तर दूरदूरची जोडपी बोहल्यावर चढायला येतात, अर्थात बोहला नसतोच, नगरपालिकेचा दिवाणखाना असतो. जर्मनीत राहणारे कितीतरी भारतीय, समलिंगी नसलेलेसुद्धा, लग्नासाठी डेन्मार्कला जातात. जर्मन कचेरी कागद फार मागते, हे त्याचं कारण.

बाईंच्या मुलाचा प्रश्न इथेच येतो. जर्मनीत परदेशी माणसाला लग्न करायचं तर मायदेशाकडून ‘याच्या लग्नाला कायद्याची हरकत नाही’ असा दाखला आणावा लागतो. भारत असा दाखला देत नाही, म्हणून मग तिथल्या प्रांताच्या उच्च न्यायालयाकडून सूट मागायची, असा एरवीचा शिरस्ता. पण समलिंगी जोडप्यांपुरती जर्मन कायद्याने एक पळवाट ठेवली आहे. ज्याच्या मायदेशात समलिंगी विवाहच नाही, त्याला हा दाखला लागत नाही. म्हणजे आपल्या सरकारने नाकारलं, म्हणून त्या पोराचा एक कागद वाचला! जन्मदाखला आणि अविवाहित असल्याचा पुरावा मात्र लागतोच. इथे दुसरी मेख आहे. भारत २००५ मध्ये एकमेकांच्या दाखल्यांवरचे शिक्के मानण्याच्या अपोस्टील करारात सामील झाला तेव्हा जर्मनीने त्याला आक्षेप नोंदवला. त्यामुळे आपल्या दाखल्यांवरच्या शिक्क्यावर जर्मन कचेरी विसंबत नाही. तिला शंका आली तर ती वकिलातीमार्फत पडताळणी करवते. वकिलातीने नेमलेला इथला वकील महापालिकेत जाऊन नोंद पाहतो आणि प्रसंगी ओळखीपाळखीच्या लोकांकडेही चौकशी करतो. ज्या घरात बापाला निम्मंच ठाऊक आहे, त्या घराच्या गल्लीत ही चौकशी येणं म्हणजे काय, हे बाईंना समजावून सांगावं लागलं नाही. त्यांचा चेहरा उतरला. डेन्मार्कचा रस्ता लोक का धरतात, तेही मला तेव्हाच नीट कळलं.

इथून न्यायच्या कागदांची कथा तर खास आपल्या शहराची आहे. मुलगा जन्मला तेव्हा गावाचं नाव औरंगाबाद. त्याच्या पासपोर्टवर जन्मठिकाण तेच. २४ फेब्रुवारी २०२३ ला नामांतराला केंद्राची मंजुरी आली. आता जन्मदाखल्याची नवी प्रत काढली की वर नाव छत्रपती संभाजीनगर महानगरपालिकेचं. लिस्बनच्या किंवा कोपनहेगनच्या कारकुनाला ही दोन गावं नसून एकच आहे, हे पटवून देण्यासाठी वेगळा खुलासा जोडलेला बरा. उच्च न्यायालयाच्या खंडपीठाच्या निकालांवर अजून ‘औरंगाबाद’च छापलेलं दिसतं, तेव्हा गोंधळ काही फक्त परदेशी कारकुनाचाच होत नाही. अविवाहित असल्याचं प्रतिज्ञापत्र करायला गेलं की समोरचा विचारतो, ‘कशासाठी पायजे?’ मुलं ‘व्हिसासाठी’ म्हणतात. ते खोटं नसतं. मग मंत्रालयात साक्षांकन, मग परराष्ट्र मंत्रालयाचं अपोस्टील, मग मुंबईला व्हिसाच्या रांगेत. मराठवाडा विद्यापीठाच्या नावापुढे बाबासाहेबांचं नाव लागावं म्हणून १९७८ ते १९९४ अशी सोळा वर्षं ज्या शहराने लढा पाहिला, घरं जळताना पाहिली, त्याला कागदावरच्या नावाची किंमत दुसऱ्या कुणी सांगायला नको.

लग्न लागलं असं धरून चालू. तिथे राहणाऱ्याला ते पूर्ण लग्न आहे. जर्मनीत नवरा-बायकोला जे जे मिळतं ते सगळं: करात सवलत, न कमावणाऱ्या जोडीदाराला आरोग्य विम्याचं छत्र, वारसा, दत्तक, आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे जोडीदाराला बोलावून घेण्याचा हक्क. मुलगा युरोपीय ब्लू कार्डवर असेल तर पुण्यातल्या जोडीदाराला जर्मन भाषेची परीक्षासुद्धा आधी द्यावी लागत नाही. मग एक गमतीदार दृश्य तयार होतं. भारतीय पासपोर्टच्या मधल्या पानावर जर्मनीचा कुटुंब एकत्रीकरणाचा व्हिसा चिकटवलेला, आणि त्याच पासपोर्टच्या शेवटच्या पानावर जोडीदाराच्या नावाचा रकाना कोरा.

तो कोरा का राहतो, याचं उत्तर १९६९ च्या विदेशी विवाह कायद्यात आहे. दोघांपैकी एक भारतीय असेल तर परदेशातल्या आपल्या वाणिज्य दूतावासात लग्न लावता येतं, किंवा तिथल्या कायद्याने झालेलं लग्न नोंदवता येतं. पण त्याच्या चौथ्या कलमात वराचं वय २१ आणि वधूचं १८ असं लिहिलंय. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यातही पुरुषाचं २१ आणि स्त्रीचं १८. महापालिकेच्या विवाह नोंदणीच्या अर्जातही एक बाजू वराची, एक वधूची. अमेरिकेत २०१७ मध्ये कायदेशीर लग्न केलेल्या दोन पुरुषांना न्यूयॉर्कच्या भारतीय वाणिज्य दूतावासाने नोंदणी नाकारली. ते दिल्ली उच्च न्यायालयात गेले. देशभरातल्या अशा याचिका पुढे सर्वोच्च न्यायालयात एकत्र झाल्या आणि सुप्रियो चक्रवर्ती यांच्या नावाने तो खटला ओळखला गेला.

एप्रिल-मे २०२३ मध्ये दहा दिवस सुनावणी झाली. घटनापीठाचे प्रमुख होते सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड, मूळचे पुणे जिल्ह्यातल्या कनेरसरचे. केंद्राने राज्यांची मतं मागवली होती. राजस्थान, आसाम आणि आंध्रने विरोध केला, महाराष्ट्राने आणखी वेळ मागितला. जोतिबांचं आणि शाहूंचं नाव घेणाऱ्या राज्याने वेळ मागावा, हे मला तरी आवडलं नाही, पण त्याने निदान नाही म्हटलं नव्हतं. १७ ऑक्टोबर २०२३ ला निकाल आला. लग्न करण्याचा मूलभूत हक्क घटनेत नाही, यावर पाचही न्यायमूर्तींचं एकमत झालं. चंद्रचूड आणि संजय किशन कौल यांनी समलिंगी जोडप्यांना नागरी सहजीवनाचा हक्क आहे असं मत दिलं. रवींद्र भट, हिमा कोहली आणि पी. एस. नरसिंह या तिघांनी ते मानलं नाही. कायदा करणं हे संसदेचं काम, म्हणून चेंडू तिकडे गेला. फेरविचार याचिकाही ९ जानेवारी २०२५ ला फेटाळल्या गेल्या. संसदेत त्याआधी १ एप्रिल २०२२ ला बारामतीच्या खासदार सुप्रिया सुळे यांनी विशेष विवाह कायद्यात दुरुस्ती सुचवणारं खासगी विधेयक मांडलं होतं. पुरुषांच्या जोडप्यासाठी वय २१, स्त्रियांच्या जोडप्यासाठी १८, आणि पती-पत्नीच्या जागी ‘जोडीदार’. सतरावी लोकसभा विसर्जित झाली आणि ते विधेयकही तिच्याबरोबर गेलं.

पोलंडचं उदाहरण इथे मुद्दाम पाहावं. दोन पोलिश पुरुषांनी २०१८ मध्ये बर्लिनला लग्न केलं. मायदेशी नोंद मागितली तेव्हा पोलंडने नकार दिला. प्रकरण युरोपीय संघाच्या न्यायालयात गेलं आणि २५ नोव्हेंबर २०२५ ला तिथून निकाल आला की तुम्ही स्वतःच्या देशात असं लग्न लावा अगर न लावा, संघातल्या दुसऱ्या देशात रीतसर झालेलं लग्न तुम्हाला मानावं लागेल. ‘तिकडं लागलेलं इकडं धरतेत का’ याचं पोलंडपुरतं उत्तर मिळालं. पोलंडच्या वर एक न्यायालय होतं. आपल्या सर्वोच्च न्यायालयाच्या वर कुणी नाही. लग्नासाठीच जायचं तर आता युरोपही गाठायला नको, २३ जानेवारी २०२५ पासून थायलंडमध्येही अशी लग्नं लागतात. पण प्रश्न परतीच्या विमानात बसल्यावरच सुरू होतो, मग ते विमान लिस्बनहून येवो की बँकॉकहून.

याचा अर्थ मराठी मुलखात अशी लग्नं लागलीच नाहीत असा नव्हे. डिसेंबर २०१७ च्या अखेरीस, समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं कलम ३७७ अजून लागू असताना, यवतमाळात एका हॉटेलात दोन पुरुषांचा विवाहसोहळा झाला. बातमी फुटल्यावर पोलिसांनी चौकशी केली. डिसेंबर २०२१ मध्ये नागपुरात दोन डॉक्टर स्त्रियांनी एकमेकींना अंगठ्या घातल्या. आपल्या शहराची एक गोष्ट मात्र या सगळ्यांहून वेगळी. फेब्रुवारी २०२० मध्ये बीड पोलीस दलातल्या एका शिपायाचं लग्न इथे लागलं. तो शिपाई भरती झाला होता तो स्त्री म्हणून, आणि मुंबईत शस्त्रक्रिया करून घेऊन पुरुष म्हणून खात्यात राहिला होता. त्याचं लग्न कायद्याने पक्कं, कारण तिथे एक पुरुष आणि एक स्त्री आहे. २०२३ च्या निकालातही पाचही न्यायमूर्तींनी हे स्पष्ट केलं की पारलिंगी व्यक्ती जर स्त्री-पुरुष नात्यात असेल तर तिला आजच्या कायद्यांखाली लग्न करता येतं. आपल्या खंडपीठानेही जानेवारी २०२१ मध्ये जळगाव जिल्ह्यातल्या एका पारलिंगी स्त्रीला ग्रामपंचायतीत महिलांच्या राखीव जागेवरून लढू दिलं होतं. पारलिंगी असणं आणि समलिंगी असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि आपल्या कट्ट्यांवर त्यांची सर्रास भेसळ होते. ‘मग त्यानं ऑपरेशन करून घ्यावं की’ असं मला एका सुशिक्षित गृहस्थांनी सुचवलं. बाईंच्या मुलाला बाई व्हायचं नाही. त्याला ज्या मुलावर प्रेम आहे त्याच्याशी लग्न करायचं आहे.

लग्न कशाला म्हणायचं हा वाद आपल्याकडे नवा नाही. सत्यशोधक समाजाने १८७३ पासून भटजीशिवाय लग्नं लावायला घेतली तेव्हा आपला हक्क बुडाला म्हणून पुरोहित कोर्टात गेले होते. आंतरजातीय लग्नाला कोल्हापूर संस्थानात शाहू महाराजांनी १९१९ मध्ये कायद्याचं बळ दिलं, तेव्हाही पुष्कळांना ते बघवलं नव्हतं. आज त्याच घराण्यांतल्या पत्रिकांवर ‘आंतरजातीय’ हा शब्द कुणी छापतसुद्धा नाही. पण तेव्हा आणि आता यात एक फरक आहे. तेव्हाची लग्नं लावणारे इथेच राहिले, इथेच भांडले. आजची मुलं विमानाने जातात आणि बहुतेक तिकडेच राहतात. भांडण इथल्या आयांसाठी मागे उरतं.

मग परत येणाऱ्यांनी काय करायचं? युरोपातलं प्रमाणपत्र इथे नात्याचा भावनिक पुरावा म्हणून ठेवा, हक्काचा आधार म्हणून त्यावर विसंबू नका. २८ ऑगस्ट २०२४ ला केंद्राच्या वित्तीय सेवा विभागाने स्पष्ट केलं की अशा जोडीदारांना संयुक्त खातं उघडायला आणि एकमेकांचं नाव नामनिर्देशनात टाकायला कुठलीही मनाई नाही. शिधापत्रिकेसाठी दोघांना एका घरातले धरावं, जवळचे नातेवाईक नसतील तर पार्थिव जोडीदाराच्या ताब्यात द्यावं, अशाही सूचना राज्यांना गेल्या. हे सगळं चांगलंच आहे. पण नामनिर्देशन म्हणजे मालकी नव्हे. यावरचा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०२३ चा निकाल ज्यांच्या इस्टेटीवरून लागला ते होते घराघरांतल्या भिंतीवर ज्यांचं कॅलेंडर लटकतं ते कालनिर्णयकार जयंतराव साळगावकर. नॉमिनी पैसे स्वीकारतो, ते जातात मात्र वारसाला. विम्यातही आईवडील, पती-पत्नी, मुलं यांचं नाव असेल तर रक्कम त्यांची होते. इतर कुणाचं असेल तर तो नुसता हमाल. भविष्य निर्वाह निधीत तर आईवडील अवलंबून असतील तर बाहेरच्या माणसाचं नाव टाकताच येत नाही.

करातही तेच. नवऱ्याने बायकोला कितीही दिलं तरी तिला त्यावर कर नाही. जोडीदाराला वर्षाला ५० हजारांवर दिलं की ते त्याचं उत्पन्न. या भेदाला आव्हान देणारी याचिका मुंबई उच्च न्यायालयात आहे आणि ऑगस्ट २०२५ मध्ये न्यायालयाने ॲटर्नी जनरलना नोटीस काढली आहे. राहतं घर बक्षीसपत्राने बायकोला द्यायचं तर मूळ मुद्रांक शुल्क २०० रुपये, जोडीदाराला द्यायचं तर बाजारभावावर. म्हणून घर घेतानाच खरेदीखतात दोघांची नावं आणि दोघांचे हिस्से लिहावेत. मुखत्यारपत्रावर फार भिस्त ठेवू नये, करून देणारा बेशुद्ध पडला की ते निरुपयोगी होतं. आजारपणात आपल्या वतीने कोणी बोलायचं हे आगाऊ वैद्यकीय निर्देशात लिहून ठेवता येतं. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२३ मध्ये त्याची पद्धत बरीच सोपी केली आहे, नोटरीपुढे ते होतं. दोघांनी मिळून दत्तक घेण्याचा रस्ता तूर्त बंद आहे. जोडप्याला दत्तक घ्यायचं तर दोन वर्षांचं स्थिर वैवाहिक नातं हवं, आणि ‘वैवाहिक’ या शब्दापाशीच सगळं अडतं. मे २०२५ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने लग्न हाच कुटुंब करण्याचा एकमेव मार्ग नाही असं म्हटलं आहे. असा निकाल आपल्या खंडपीठातून कधी येतो ते पाहायचं.

महिन्याभराने पुन्हा सिडकोत गेलो. बाईंना हे सगळं सांगितलं. मुलगा डेन्मार्कला जाणार हे ठरल्यासारखं होतं. इकडं धरतेत का, या त्यांच्या प्रश्नाला ‘नाही, आज तरी नाही’ एवढंच उत्तर होतं. त्यांनी विचारलं, ‘आणि उद्या त्याला काही झालं तर ते सगळं कुणाला जातंय?’ मी म्हणालो, इथल्या मालमत्तेपुरतं बोलायचं तर हिंदू वारसा कायद्याने तुम्हाला. मुलाच्या मागे आई ही पहिल्या वर्गाची वारस. बाप दुसऱ्या वर्गात येतो, आणि जोडीदार कुठल्याच वर्गात येत नाही. त्या थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, ‘मला काय करायचंय त्याचं.’

म्हणून त्यांना मृत्युपत्राचं सांगितलं. त्याला स्टॅम्प पेपर लागत नाही, नोंदणीचीही सक्ती नाही, केलेली बरी. दोन साक्षीदार लागतात. त्यांतली एक सही तुमची असू द्या, असं म्हणून मी उठलो.